युरोपने टर्नबेरीत भरलेले संरक्षणाचे भाडे

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

आपल्या रविवार पुरवणीतला अमेरिका-युरोप संबंधांवरचा लेख वाचला. एका माणसाच्या लहरीपायी पाऊणशे वर्षांची मैत्री मोडीत निघाली, असे त्याचे एकूण म्हणणे. शेवटी आशा अशी की, युरोप आता जागा झाला आहे, तो स्वतःच्या पायावर उभा राहील. ही दोन्ही विधाने सध्या जिकडेतिकडे वाचायला मिळतात. मी कोल्हापुरात आयुष्यभर आंतरराष्ट्रीय राजकारण शिकवले आणि मला ही दोन्ही विधाने पटत नाहीत. का पटत नाहीत ते लिहिते. पत्र लांबणार आहे. जागेअभावी छाटावे लागले तर इतिहासाचा भाग तेवढा राहू द्या, कारण माझा मुद्दा त्यातच आहे.

27 जुलै 2025 रोजी युरोपीय संघाचा कारभार पाहणाऱ्या युरोपीय आयोगाच्या अध्यक्ष उर्सुला फॉन डेर लायन स्कॉटलंडमधल्या टर्नबेरीला गेल्या. भेटीची जागा कुठली, तर ट्रम्प यांच्याच मालकीचे गोल्फ रिसॉर्ट. युरोपच्या बहुतेक मालावर अमेरिका 15 टक्के आयातशुल्क लावणार आणि युरोप मात्र अमेरिकेच्या औद्योगिक मालावरचे शुल्क काढून टाकणार, असे तिथे ठरले. शिवाय ट्रम्प यांची मुदत संपेपर्यंत युरोपने 750 अब्ज डॉलरची अमेरिकी ऊर्जा विकत घ्यायची आणि 600 अब्ज डॉलरची गुंतवणूक तिकडे करायची. पोलाद आणि ॲल्युमिनियमवरचे 50 टक्के शुल्क होते तसेच राहिले. त्या दिवशीच्या छायाचित्रात मंडळी अंगठे वर करून उभी आहेत. फ्रान्सचे तेव्हाचे पंतप्रधान फ्रान्स्वा बायरू यांनी मात्र हा युरोपसाठी काळा दिवस असल्याचे उघड सांगितले.

हे मान्य करणारा कोणी लेचापेचा देश नव्हता. 27 देशांचा, सुमारे 45 कोटी लोकांचा तो संघ आहे. 2024 मध्ये मालाच्या व्यापारात युरोपने अमेरिकेला घेतल्यापेक्षा सुमारे 200 अब्ज युरोचा जास्त माल विकला, हे ट्रम्प रोज सांगतात. सेवांच्या व्यापारात त्याच वर्षी युरोपला जवळपास 150 अब्ज युरोची तूट आली, हे ते कधीच सांगत नाहीत. आपल्या लेखातही ते नव्हते. गूगल, मेटा, ॲमेझॉन, मायक्रोसॉफ्ट यांची केवढीतरी कमाई युरोपच्या खिशातून होते. म्हणजे अमेरिकेची दुखरी नस ब्रुसेल्सला, युरोपीय संघाच्या मुख्यालयाला, ठाऊक होती. 93 अब्ज युरोच्या अमेरिकी मालावर उलट शुल्क लावायची यादीही तयार होती. आर्थिक दडपण आणणाऱ्या परक्या देशाविरुद्ध वापरायचा खास कायदा डिसेंबर 2023 पासून अमलात होता. यादी बासनात गुंडाळली गेली आणि कायद्याला कोणी हात लावला नाही.

का, याचे उत्तर युरोपचे व्यापार आयुक्त मारोश शेफचोविच यांनी दुसऱ्याच दिवशी पत्रकारांना देऊन टाकले. हा विषय केवळ व्यापाराचा नाही, सुरक्षेचा आहे, युक्रेनचा आहे, अशा अर्थाचे ते बोलले. माझ्या लेखी त्या आठवड्यातले सर्वांत महत्त्वाचे विधान हेच. टर्नबेरीत युरोपने संरक्षणाचे भाडे भरले आणि पावती व्यापाराच्या नावाने फाडली गेली.

हे पटण्यासाठी 22 वर्षे मागे जावे लागेल. मार्च 2002 मध्ये धाकट्या बुश यांनी आयात पोलादावर 30 टक्क्यांपर्यंत शुल्क लावले. युरोपीय संघाने जागतिक व्यापार संघटनेत दाद मागितली आणि त्याच वेळी प्रत्युत्तराची यादी काढली. यादी करणारे हुशार होते. अमेरिकेच्या निवडणुकीत जी राज्ये काठावर असतात, तिथला माल त्यांनी वेचून घेतला. फ्लोरिडाच्या संत्र्यांचा रस त्यात होता. नोव्हेंबर 2003 मध्ये निकाल अमेरिकेच्या विरोधात गेला आणि डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यात बुश यांनी शुल्क मागे घेतले.

आणि हे वर्ष कुठले? इराक युद्धाचे! जानेवारीत अमेरिकेचे संरक्षणमंत्री डोनाल्ड रम्सफेल्ड यांनी फ्रान्स-जर्मनीची 'जुना युरोप' म्हणून बोळवण केली होती. फेब्रुवारीत म्युनिकच्या परिषदेत जर्मनीचे परराष्ट्रमंत्री योश्का फिशर यांनी रम्सफेल्ड यांच्या तोंडावर 'माफ करा, मला हे पटलेले नाही' असे सुनावले. अमेरिकी काँग्रेसच्या उपाहारगृहात फ्रेंच फ्राइजचे नाव बदलून 'फ्रीडम फ्राइज' करण्यापर्यंत राग गेला होता. संबंध इतके विटलेले असतानाही व्यापारात युरोपने अमेरिकेला माघार घ्यायला लावली. 2025 मध्ये तेवढी कटुता नसताना युरोप वाकला.

ट्रम्प यांचा स्वभाव हे त्याचे कारण मानले तर 2003 चे कोडे सुटत नाही. 2003 मध्ये युरोपच्या दारात शत्रू नव्हता. बर्लिनला वॉशिंग्टनकडे त्या घडीला काही मागायचे नव्हते, म्हणून 'नाही' म्हणायला पैसे पडत नव्हते. 24 फेब्रुवारी 2022 ला रशियन रणगाडे युक्रेनमध्ये शिरले आणि ते बदलले. मार्च 2025 मध्ये अमेरिकेने काही दिवस युक्रेनची शस्त्रे आणि गुप्त माहिती रोखून धरली, तेव्हा उपग्रहांची नजर, पॅट्रियट क्षेपणास्त्रे, हवेत इंधन भरणारी विमाने, युद्ध चालवण्याची यंत्रणा यांपैकी किती गोष्टी उसन्या आहेत, ते सगळ्या युरोपला दिसले. चारच महिन्यांनी टर्नबेरी झाले. ज्याच्याकडे पॅट्रियट मागायचे, त्याच्या संत्र्यांच्या रसावर शुल्क लावण्याची हिंमत होत नाही.

आता इतिहासाकडे वळते. लेखात 'मैत्री मोडली' असे म्हटले आहे. मैत्री होतीच, पण तिला भाडे पहिल्यापासून होते आणि ते वसूलही होत असे.

1961 पासून पश्चिम जर्मनी अमेरिकेशी दर दोन वर्षांनी एक करार करत असे. जर्मनीत ठेवलेल्या अमेरिकी सैन्यापायी जेवढे परकीय चलन अमेरिकेला खर्चावे लागे, तेवढ्या किमतीची अमेरिकी शस्त्रे जर्मनीने विकत घ्यायची, असा त्याचा मसुदा. 1966 मध्ये जर्मनीत मंदी आली, अंदाजपत्रकात खड्डा पडला. चॅन्सेलर लुडविग एरहार्ट, म्हणजे जर्मनीच्या आर्थिक भरभराटीचे शिल्पकार, सप्टेंबरात वॉशिंग्टनला गेले आणि हप्त्यात सवलत द्या म्हणून अमेरिकेचे अध्यक्ष लिंडन जॉन्सन यांच्याकडे शब्द टाकला. जॉन्सन यांना व्हिएतनामचा खर्च भेडसावत होता, त्यांनी नकार दिला. एरहार्ट रिकाम्या हाताने परतले, तूट भरून काढायला करवाढीचा विषय निघाला, आघाडीतला मित्रपक्ष बाहेर पडला आणि वर्ष संपायच्या आत त्यांचे सरकार गेले. पुढच्या वर्षी, मार्च 1967 मध्ये, जर्मन मध्यवर्ती बँकेचे प्रमुख कार्ल ब्लेसिंग यांनी अमेरिकेच्या फेडरल रिझर्व्हला पत्र लिहून हमी दिली की, आमच्याकडचे डॉलर देऊन आम्ही तुमच्याकडे सोने मागणार नाही. त्याच काळात फ्रान्स डॉलरच्या बदल्यात सोने घेत होता. फ्रान्सचे अध्यक्ष द गॉल यांनी 1966 मध्ये नाटोच्या लष्करी यंत्रणेतून अंग काढून घेतले होते आणि अणुबॉम्ब 1960 पासूनच त्यांच्या हाती होता. सोन्याबाबत पॅरिस आणि पश्चिम जर्मनीची तेव्हाची राजधानी बॉन यांच्या वागण्यातला फरक त्यांच्या छावण्यांवरून कळतो. जर्मनीत त्या वेळी दोन लाखांहून अधिक अमेरिकी सैनिक होते.

वर्गात हे सांगितले की मुले विचारत, म्हणजे अमेरिकेने युरोपला गुलाम केले का? इथेच मी डाव्या मित्रांपासूनही वेगळी होते. अमेरिका युरोपच्या डोक्यावर आपणहून येऊन बसली नाही, तिला बोलावून आणले गेले. 1948 मध्ये ब्रिटनचे परराष्ट्रमंत्री अर्नेस्ट बेव्हिन यांनी अमेरिकेला करारात ओढण्यासाठी आटापिटा केला, तेव्हा कुठे 4 एप्रिल 1949 ला 12 देशांचा नाटो करार झाला. रशियनांना बाहेर, अमेरिकनांना आत आणि जर्मनांना दाबून ठेवण्यासाठी नाटो आहे, हे वाक्य तिचे पहिले सरचिटणीस लॉर्ड इस्मे यांच्या नावावर सांगतात. (हे इस्मे नैनितालला जन्मलेले, आणि 1947 मध्ये दिल्लीत माउंटबॅटन यांचे चीफ ऑफ स्टाफ. आपल्या फाळणीच्या कागदांतही त्यांचे नाव सापडते.) युरोपने स्वतःचे सैन्य उभारायचे ठरवले, त्याचा करारही झाला, आणि 30 ऑगस्ट 1954 ला तो फ्रान्सच्या संसदेनेच पाडला. जर्मनांच्या हाती पुन्हा बंदूक देण्यापेक्षा अमेरिकन परवडले, हा हिशेब त्यामागे होता. दोन महायुद्धे पाहिलेल्या लोकांचा तो हिशेब होता. त्याला मी नावे ठेवणार नाही. मात्र तो युरोपने स्वतः मांडला होता, एवढे विसरता कामा नये.

1983 मध्ये संशोधनासाठी मी बॉनला होते. 22 ऑक्टोबरला हॉफगार्टनच्या मैदानात अमेरिकेच्या पर्शिंग क्षेपणास्त्रांविरुद्ध लाखोंची सभा झाली, माजी चॅन्सेलर विली ब्रांट बोलले. मी ज्यांच्या घरी भाड्याने राहत होते त्या आजीबाईही माझ्याबरोबर आल्या होत्या, कोटावर कबुतराचा निळा बिल्ला लावून. त्यांच्या स्वयंपाकघरातल्या फळीवर पत्र्याचा एक डबा होता, युद्धानंतरच्या उपासमारीत अमेरिकेतून आलेल्या केअर पार्सलातला. त्यात त्या बटणे ठेवत आणि तो डबा दुसऱ्या कोणाला पुसू देत नसत. सभेहून परतताना मी त्यांना विचारले, समजा उद्या अमेरिकन सैनिक खरेच निघून गेले तर? त्या चालता चालता थांबल्या. म्हणाल्या, "छे, ते कशाला जातील? क्षेपणास्त्रं नकोत, एवढंच." मैदानातल्या बहुतेकांचे मत तेच असणार. आणि ती क्षेपणास्त्रे तरी कोणी मागितली? सोव्हिएत शस्त्रबळामुळे तोल बिघडतो आहे, अशी तक्रार 1977 मध्ये लंडनच्या भाषणात जर्मनीचे चॅन्सेलर हेल्मुट श्मिट यांनीच केली होती. त्यातून 1979 चा ही क्षेपणास्त्रे तैनात करण्याचा नाटोचा निर्णय आला. बॉनच्या त्या सभेनंतर एका महिन्याने जर्मन संसदेने तैनातीला मंजुरी दिली.

सुएझबद्दल थोडक्यात लिहिते, कारण तो धडा सर्वांना पाठ आहे. 1956 मध्ये सुएझ कालव्यासाठी ब्रिटन-फ्रान्सने इजिप्तमध्ये सैन्य उतरवले, तेव्हा अमेरिकेचे अध्यक्ष आयझेनहॉवर यांनी पौंडाची नाडी आवळली आणि ब्रिटन-फ्रान्सला इजिप्तमधून परतावे लागले. त्यातून ब्रिटनने ठरवले की वॉशिंग्टनशी पुन्हा कधी फाटू द्यायचे नाही, आणि फ्रान्सने ठरवले की वॉशिंग्टनवर पुन्हा विसंबायचे नाही. आजही युरोपच्या प्रत्येक बैठकीत ही दोन मते समोरासमोर बसलेली असतात. त्यात पोलंड आणि बाल्टिक देश आले आहेत. त्यांना अमेरिकेवाचून झोप लागत नाही, आणि त्यांचा इतिहास पाहता मी त्यांना दोष देऊ शकत नाही.

आता लेखातल्या आशेविषयी, की युरोप स्वतःच्या पायावर उभा राहील. जून 2025 मध्ये हेगच्या परिषदेत नाटोच्या देशांनी 2035 पर्यंत राष्ट्रीय उत्पन्नाच्या 5 टक्के खर्चाचे वचन दिले. 3.5 टक्के थेट सैन्यावर, 1.5 टक्के रस्ते, पूल, सायबर सुरक्षा अशा गोष्टींवर. स्पेनने हात आखडता घेतला. जर्मनीने मार्चमध्ये राज्यघटना बदलून कर्जाची मर्यादा सैल केली, ही माझ्या पिढीला अशक्य वाटणारी गोष्ट. पैसा येतो आहे, यात शंका नाही.

पण तो पैसा जातो कुठे ते पाहावे. स्टॉकहोमच्या सिप्री या संस्थेच्या आकड्यांनुसार 2020 ते 2024 या काळात नाटोच्या युरोपीय देशांनी आयात केलेल्या शस्त्रांपैकी 64 टक्के अमेरिकेची होती. त्याआधीच्या पाच वर्षांत हे प्रमाण 52 टक्के होते. म्हणजे धोका वाढला तसे अवलंबित्वही वाढले. 2022 मध्ये जर्मनीचे तेव्हाचे चॅन्सेलर ओलाफ शोल्झ यांनी सैन्यासाठी 100 अब्ज युरोचा निधी जाहीर केला, त्यातून 35 अमेरिकी एफ-35 विमाने आणि 60 चिनूक हेलिकॉप्टर घ्यायचे ठरले. फ्रान्स आणि जर्मनी 2017 पासून स्वतःचे लढाऊ विमान बनवायचे म्हणत आले आणि काम कोणाकडे किती, यावर त्यांच्या कंपन्या 2025 मध्येही भांडत होत्या. अमेरिकी विमान घेतले की सुटे भाग, सॉफ्टवेअर, प्रशिक्षण हे सगळे पुढची 30-40 वर्षे तिकडूनच येणार. याला पायावर उभे राहणे म्हणता येत नाही.

21 ऑगस्ट 2025 ला अमेरिका आणि युरोपीय संघाने टर्नबेरीचे संयुक्त निवेदन काढले. मी ते पेन्सिल हातात घेऊन वाचले. मोटारी, औषधे, लाकूड, अमेरिकी सागरी माल आणि डुकराचे मांस यांच्या कलमांमध्ये एक कलम असे आहे की, युरोपीय संघ अमेरिकेकडून लष्करी सामग्रीची खरेदी भरीव प्रमाणात वाढवण्याचा मानस ठेवतो. व्यापाराच्या निवेदनात! वास्तविक संरक्षण खरेदी हा ब्रुसेल्सचा अधिकारच नाही, ती प्रत्येक देशाचे सरकार करते. ऊर्जेचेही तसेच. 750 अब्ज म्हणजे वर्षाला 250 अब्ज डॉलर, तेव्हा युरोप अमेरिकेकडून घेत होता त्यापेक्षा कितीतरी जास्त. आणि गॅस खरेदी करतात त्या खासगी कंपन्या, आयोग नव्हे. जे आपल्या हातात नाही तेही आयोगाने लिहून दिले. एरहार्ट यांच्या काळच्या करारात निदान रक्कम आणि मुदत ठरलेली होती. इथे शस्त्रखरेदीला ना रक्कम आहे, ना मुदत; सगळे भाडे घेणाऱ्याच्या मर्जीवर आहे.

हे सारे कोल्हापूरकराने कशाला वाचायचे? माझा एक माजी विद्यार्थी शिरोली एमआयडीसीत फाउंड्री चालवतो. त्याची कास्टिंग जर्मनीतल्या पंपाच्या कारखान्यात जातात आणि ते पंप अमेरिकेत विकले जातात. ऑगस्टमध्ये त्याचा फोन आला. टर्नबेरीनंतर काही आठवड्यांतच जर्मन खरेदीदाराचा मेल आला होता. शुल्काचा बोजा वाटून घेऊ या, दर खाली आणा. "मॅडम, करार त्यांनी केला आणि टक्के माझ्याकडून कापतात," तो म्हणाला. त्याच महिन्यात आपल्या मालावर रशियन तेलाचे निमित्त करून 25 चे 50 टक्के शुल्क झाले. तेव्हा युरोप स्वतः रशियाचा द्रवरूप गॅस घेतच होता. सप्टेंबरात तर ट्रम्प यांनी युरोपला, भारत आणि चीनवर 100 टक्क्यांपर्यंत शुल्क लावा, असे सांगितल्याच्या बातम्या आल्या. ज्याची ढाल उसनी आहे त्याला असे सांगता येते, म्हणून हा विषय आपलाही आहे.

युरोपची जिरली म्हणून आपल्याकडे समाजमाध्यमांवर आनंद व्यक्त करणारे पुष्कळ दिसले. मला तो आनंद मुळीच झाला नाही. ज्या युरोपने 2003 मध्ये इराकवरून 'पटलेले नाही' म्हटले, तो जगाला हवा होता. इराकच्या लोकांना तर सर्वांत जास्त हवा होता. तो आवाज बसला, तर बड्या देशाला अडवून धरणारा एक जुना, अनुभवी देशसमूह कमी होतो आणि मग आपल्यासारख्यांना एकट्याने बोलणी करावी लागतात.

म्हणून आपल्याला एक विनंती आहे. 21 ऑगस्टच्या त्या संयुक्त निवेदनाचा पूर्ण मराठी तर्जुमा आपण छापावा. फार मोठे नाही, पुरवणीच्या एका पानात बसेल. शुल्ककपातीच्या कायद्याला युरोपीय संसदेची मंजुरी लागते. तिथे कोणत्या देशाचा कोणता पक्ष काय बोलतो, याच्या बातम्याही वृत्तसंस्थांच्या भरवशावर चार ओळींत न उरकता नीट द्याव्यात. आणि 'लहर' या शब्दावर लेख रचणाऱ्या आपल्या लेखकाने माझ्या 2003 च्या प्रश्नाचे उत्तर याच स्तंभात द्यावे. मी ते वाचेन आणि त्यावर लिहीन.

आपली,
राज्यशास्त्राची एक निवृत्त प्राध्यापिका,
कोल्हापूर